चार यष्ट्यांचं गाणं

हौशीरामला तंबाखू मळायला जेवढा वेळ लागायचा, तेवढ्यात गुळाचा पाक तयार व्हायचा.

*

इंग्लंडातल्या कुठल्याशा गावात एक माणूस बसथांब्यावर उभा आहे. तिच्या आईच्या कुत्र्यालाही तो सोडत नाही.

*

खंडेनवमीला हत्याराला हळदकुंकू लागलंच पाहिजे. कोयता, तराजू, शिवणयंत्र, सायकल. अपवाद नाही.

*

एक दाढ. माणसाची. वर्तमानपत्राच्या कपट्यात गुंडाळलेली.

*

सावित्राबाईच्या बांगडीत कायम सहा सेफ्टी पिना अडकवलेल्या असत.

*

एक मिनिट अठ्ठावन्न सेकंद.

*

हे सगळं एकाच कढईत पडलं, ते असं.

लोणावळ्याच्या बाजारामागच्या गल्लीत महिपतीभाऊंचा चिक्कीचा कारखाना होता. कारखाना म्हणजे दोन खोल्या, एक मोठी कढई, एक दगडी ओटा, आठ बाया आणि हौशीराम. महिपतीभाऊ आंदर मावळातले. घरची भातशेती भावाकडे सोपवून इथं आलेले. हौशीराम त्यांचा कारागीर. सतरा वर्षं पाक त्याच्या हातात होता.

चिक्कीत बाकी सगळं सोपं आहे. शेंगा भाजायच्या, टरफलं काढायची, गूळ वितळवायचा, ओट्यावर ओतून लाटायचं, गरम आहे तोवर कापायचं. अवघड आहे ती फक्त मधली जागा. गुळावरचा फेस बसला की तिथून पुढे किती थांबायचं? थोडं आधी दाणे टाकले तर चिक्की चिंगमसारखी ताणते. थोडं उशिरा टाकले तर फरशी होते.

हौशीरामकडे त्याचं उत्तर कमरेला होतं. फेस बसला की तो चंची सोडायचा. चिमूटभर तंबाखू डाव्या तळहातावर. नखाने चुना. अंगठ्याने मळणं, न घाईत, न रेंगाळत. दोन थापा. एक फुंकर. मग चिमूट खालच्या ओठाआड. ओठ मिटला की तो उजवा हात वर करी, आणि बाया दाणे ओतत. सतरा वर्षांत हात कधी चुकला नाही.

अठ्ठ्याहत्तरच्या जूनमध्ये हौशीरामच्या तोंडात चट्टा उठला. डॉक्टरने तंबाखू बंद केली.

हौशीराम म्हणाला, "त्यात काय. रिकामा हात मळतो."

मळला. पण खोटी तंबाखू लवकर मळून होते. अंगठ्याला काही लागतच नाही, तर तो थांबणार कशावर? हात लवकर वर जाऊ लागला. चिक्की ताणू लागली. मुंबईच्या एका नवराबायकोने एकच तुकडा दोन्हीकडून धरून ओढला आणि दोघं डब्याच्या दोन दारांपर्यंत गेली, अशी गोष्ट स्टेशनवरचे फेरीवाले सांगत. गोष्ट खोटी असणार. चिक्की परत आली हे खरं.

*

वरची खोली महिपतीभाऊ भाड्याने देत. जुलैत तिथे एक गोरा पोरगा राहायला आला. नाव कॉलिन. लोणावळ्यात गोरा माणूस आला की तो योगासनांसाठीच आला, असं सगळे धरून चालत. हा एकच आसन करी, शवासन, दिवसभर. उशाशी टेपरेकॉर्डर. त्यात एकच कॅसेट, आणि कॅसेटवर एकच गाणं, पुन्हा पुन्हा तेच भरलेलं. दोन्ही बाजूंना.

त्याचे केस फणसाच्या काट्यांसारखे उभे होते. कानात सेफ्टी पिन.

"बिचाऱ्याची बाळी हरवली वाटतं," बाया म्हणाली. बाया हे तिचं नावच; कारखान्यातली सगळ्यात बोलकी बाई. तिच्या तोंडाला टरफलं कमी आणि बातम्या जास्त लागत. "पिनेवर भागवतोय."

एकदा तो पाणी मागायला खाली आला. सावित्राबाई टरफलांत बसली होती. अकरा वर्षं ती टरफलांतच बसत होती. तिची वाडी वर डोंगरात, रोज दीड तास उतरून यायची. तिने तांब्या पुढे केला आणि पोराची नजर तिच्या बांगडीवर गेली. सहा पिना. साडीची, पोलक्याची, एक पोराच्या चड्डीची, तीन अडीअडचणीच्या. तो पाणी प्यायचंच विसरला. आपल्या कानाकडे बोट केलं, मग तिच्या बांगडीकडे, मग बोटांनी सहा मोजले, आणि अतिशय आदराने म्हणाला, "पंक."

"काय म्हनला त्यो?" बायाने विचारलं.

"गावाचं नाव सांगत आसंल," सावित्राबाई म्हणाली. तिने एक पिन काढून त्याला दिली. त्याने ती दुसऱ्या कानात अडकवली. तेव्हापासून तो पंकवाला झाला आणि सावित्राबाईला बघितलं की जिन्यावरून हात जोडू लागला.

*

टरफलांत बसणाऱ्या बाईला कढई दिसत नाही, पण ऐकू येते. वरून गाणं ऐकू येतं. दोन्ही एकदम ऐकू आली तर?

श्रावणातल्या एका दुपारी सावित्राबाई उठून कढईपाशी गेली.

"आबा," ती हौशीरामला म्हणाली, "हात नका वर करू. थांबा."

"तू मला शिकवतीस?"

"फेस बसला तवा वरचं गानं सुरू झालं. ते तुटू द्या, मग दानं टाका."

"गान्यावर पाक?"

"तंबाखूवर चालत होता न्हवं?"

तेवढ्यात वरचं गाणं तुटलं. सावित्राबाईने स्वतःच दाणे ओतले. लाटलं, कापलं, थंड केलं. महिपतीभाऊंनी तुकडा मोडला. टक्. कित्येक आठवड्यांत त्या खोलीने तो आवाज ऐकला नव्हता.

"पुन्हा कर," महिपतीभाऊ म्हणाले. या वेळी फेस बसताच बायाने जिन्यावरून खूण करून गाणं पहिल्यापासून लावून घेतलं.

टक्.

इतर गाणी चालली नसती, हे पुढे महिपतीभाऊंनी स्वतः तपासलं. भजनात बुवा रंगला की शेवटची ओळ आठदा घेतो. रेडिओवरचं गाणं विरत जातं. ते संपलं की नुसतं लांब गेलं हे कळत नाही, आणि गूळ तोवर करपतो. हे गाणं वेगळं होतं. सुरुवातीला कुणीतरी ओरडून चार आकडे मोजायचं. मग पत्र्याच्या छपरावर दगड पडावेत तसा गोंधळ. आणि शेवट? कुणी वायर उपटावी तसा. गाणं संपत नसे, तुटे. पाकाला हेच हवं असतं.

*

गाण्याचा अर्थ बाजीराव गार्डांनी सांगितला. ते गल्लीच्या तोंडाशी राहत, रेल्वेतून निवृत्त होते, आणि इंग्रजी त्यांना येत असे. बायांनी त्यांना जिन्याखाली उभं केलं. गार्डसाहेब कानाला हात लावून उभे राहिले. पाचव्यांदा वाजल्यावर म्हणाले, "बसथांब्यावर उभा आहे तो."

"कुटल्या थांब्यावर?"

"ते सांगत नाही. पाऊस आहे. पहिली बस गेली. ती आली नाही."

"म्हंजे यष्टी. ती कोन पन?"

"ती. नाव नाही घेत."

"शानाय," बाया म्हणाली.

"म्हणतो, हे गाव मला आवडत नाही. ही बस आवडत नाही. माझे बूट आवडत नाहीत. आणि तुझ्या आईचं कुत्रं तर मला मुळीच आवडत नाही."

"कुत्र्यानं काय केलं?" सावित्राबाईने विचारलं.

"ते गाण्यात नाही."

"मग उगाच कशाला मुक्या जनावराला?"

"मी म्हणत नाही, तो म्हणतोय. ऐका. दुसरी गेली, तिसरी गेली, चौथी गेली. म्हणतो, आलीस तर ये. नाही आलीस तरी मी इथंच उभा आहे. मला दुसरं काम नाही."

बायांनी हातातली टरफलं खाली ठेवली.

"येवढंच?"

"एवढंच. ते पुन्हा पुन्हा."

"मंग येवढा वरडतोय कशापायी?" हौशीराम म्हणाला.

"लांब ऱ्हात आसंल ती," बाया म्हणाली, आणि मग डोळे बारीक करून, "आपला कोंडूभाऊबी तसलाच की गं सावित्रे. रोज सांजच्याला नळापाशी हुबा. ना बोलनं ना चालनं."

कोंडू हा सावित्राबाईचा नवरा. मिळेल ती मजुरी करी आणि पाच वाजता कारखान्यासमोरच्या सार्वजनिक नळापाशी येऊन उभा राही. बायकोला घेऊन वर जाई. दोघांच्या मागे चालणाऱ्यांना वाटेत एकदाही बोलणं ऐकू आलं नव्हतं.

"त्यो वाटंत जनावर असतं म्हनून येतो," सावित्राबाई म्हणाली.

"जनावर मला कदी दिसलं न्हाई."

"तू कदी आलीस आमच्या वाडीला?"

त्या दिवसापासून गाण्याला चार यष्ट्यांचं गाणं म्हणू लागले.

*

सप्टेंबरात पोरगा गेला. जाताना टेपरेकॉर्डर सावित्राबाईच्या हातात दिला. बोलला ते कुणाला कळलं नाही. गार्डसाहेब तेव्हा दवाखान्यात होते. बाया म्हणाली, "म्हनला आसंल, मला आता पुरं झालं."

महिपतीभाऊंनी यंत्र कढईवरच्या फळीवर ठेवलं आणि सावित्राबाईला टरफलांतून उठवून कढईपाशी उभं केलं. तालुक्यातल्या कुठल्याच कारखान्यात बाई पाकावर नव्हती. हौशीराम स्टुलावर बसून बघू लागला.

कढईपाशी उभं राहिलं की खिडकी दिसते. टरफलांत बसलं की दुसऱ्यांच्या पायांच्या टाचा दिसतात आणि धूळ घशात जाते. आणि "टाका!" असं कढईवाली म्हणाली की सात बाया एकदम हलतात. सावित्राबाईने आयुष्यात "टाका" म्हटल्यावर कुणी काही टाकलं नव्हतं. पहिल्या दिवशी ती दोनदा जास्तीचं म्हणाली.

*

खंडेनवमी. महिपतीभाऊंच्या पत्नी रतनबाई ताट घेऊन आल्या. कढईला हळदकुंकू, उलथन्याला हळदकुंकू, लाटण्यांना, सुऱ्यांना, तराजूला. मग टेपरेकॉर्डर.

"वरनं लावा वैनी," हौशीराम म्हणाला.

"वरनं कसं? तराजूला पारड्यात लावते. शिवनयंत्राला सुईपाशी लावते. काम जितं होतं तितं लागाय पायजे. ह्याचं काम तर आत हाय."

त्यांनी झाकण उघडलं. हळद, कुंकू, अक्षता. झेंडूचं फूल मावेना, ते वर ठेवलं. झाकण मिटून नमस्कार केला. सगळ्यांनी केला.

*

दसऱ्यानंतरच्या दिवसांत बायांमध्ये झालेलं बोलणं, जसं झालं तसं:

"आज आवाज बसलाय त्याचा."

"पावसात हुबा ऱ्हायल्यावर बसनारच."

"परवापरीस आज जास्तच जाड वाटतोय."

"न्हाई म्हनली आसंल ती."

"नुसती न्हाई म्हनली न्हाई. दुसरीकडं दिली आसंल तिला."

"तरी हुबाच हाय. बगा की."

"ऐक, कसा रडतोय. मऊ झालाय पार. आदी किती वरडायचा."

"आईचंच काम हे. कुत्रंवालीचं."

गाणं रोज थोडं थोडं हळू होत होतं. बाया त्या माणसाच्या दुःखात अशा गुंतल्या की एकीने घरून त्याच्यासाठी लिंबू आणून फळीवर ठेवलं. सावित्राबाई मात्र उलथनं हलवता हलवता अस्वस्थ होऊ लागली.

"भाऊ, दानं आता टाकाय पायजेत. वास आला."

"गाणं संपलं का?"

"न्हाई, पन…"

"मग नाही. गाणं संपल्याशिवाय एक दाणा पडायचा नाही. आपणच ठरवलंय. ठरवलं ते ठरवलं."

महिपतीभाऊंना आयुष्यात प्रथमच असं काही मिळालं होतं जे तंबाखू खात नाही, आजारी पडत नाही, उचल मागत नाही. ते त्या यंत्रावर आंधळा भरवसा ठेवून होते. चिक्की काळी होत गेली. कापताना सुरी वाजू लागली. मग सुरीऐवजी कोयता आला.

*

दिवाळीच्या आधीचा शनिवार. बाजीराव गार्ड आत आले आणि कागदाची पुडी ओट्यावर ठेवली.

"ओळख बरं, महिपती."

महिपतीभाऊंनी पुडी उघडली. "शेंगदाणा आहे? जरा मोठा आहे."

"दाढ आहे. माझी. चाळीस वर्षं घाटात गाड्या वरखाली केल्या, तिला काही झालं नाही. काल तुझी चिक्की खाल्ली."

महिपतीभाऊंनी हात जोडले. मग मागे वळून न बघता म्हणाले, "सावित्राबाई, सोमवारपासून परत टरफलांत. मंचरवरनं कारागीर येतोय. कार्ड टाकलंय मी."

हौशीराम स्टुलावर जरा सरळ झाला.

"मी न्हाई बसनार," सावित्राबाई म्हणाली.

"काय?"

"टरफलांत. मी न्हाई बसनार. पाक माझा बिगडला न्हाई. गानं बिगडलं. हळू झालंय ते."

"गाणं कसं हळू होईल? यंत्र आहे ते. माणूस हळू होतो."

"त्या मान्साचं दुक्क हाय, भाऊ," बाया मध्ये बोलली.

"तू गप. दुक्कबिक्क न्हाई." सावित्राबाई पुढे आली. "भाऊ, मला येक कढई द्या. आत्ता. मशीन बंद ठिवा. खरं गानं कसं हाय ते माज्या अंगात हाय. सादली तर मंचरवाल्याला दुसरं कार्ड टाका. न्हाई सादली तर मी हितली पायरीबी चडनार न्हाई. टरफलांतबी न्हाई."

महिपतीभाऊंनी गार्डांकडे पाहिलं. गार्डांनी जीभ दाढेच्या रिकाम्या जागेत फिरवली आणि खिशातलं घड्याळ काढलं.

"होऊन जाऊ दे. वेळ मी घेतो."

*

गूळ वितळला. फेस चढला. खोलीत फक्त जाळाचा आवाज. फेस बसला.

सावित्राबाईने पदर खोचला आणि ओरडली, "वन! टू! थिरी! फोर!"

गल्लीतलं कुत्रं उठून गेलं.

ती काय म्हणत होती ते इंग्रजी नव्हतं, मराठीही नव्हतं. जसं ऐकलं तसं तोंडातून निघत होतं: अर्धे शब्द, पाव शब्द, मध्ये पत्र्यावर दगड पडल्याचा आवाज, तोही तोंडानेच. एका हाताने उलथनं फिरत होतं. डोळे मिटलेले. कपाळावरचं कुंकू घामाने नाकावर आलं. दुसऱ्या यष्टीला बाया पुटपुटू लागली, तिसऱ्या यष्टीला सगळ्या बाया, चौथीला रतनबाईही, ज्या फक्त आरडाओरडा कसला ते बघायला आल्या होत्या. महिपतीभाऊंनी कानावर हात ठेवले. मग काढले.

आणि गाणं तुटलं.

"टाका!"

दाणे पडले. उलथनं फिरलं. ओटा, लाटणी, सुरी. सुरी गेली, कोयता लागला नाही. सगळे गोल करून उभे राहिले.

"किती?" महिपतीभाऊंनी विचारलं.

"एक मिनिट छप्पन्न," गार्ड म्हणाले. "पण मूळ किती होतं ते कुणाला ठाऊक?"

"खाल्ल्यावर कळंल," सावित्राबाई म्हणाली. "खा."

इथे अडचण आली. गार्डांनी दोन पावलं मागे घेतली; म्हणाले, माझं योगदान देऊन झालंय. हौशीरामला पुढचे दात नव्हते. महिपतीभाऊंना अचानक आठवलं की त्यांचा शनिवार असतो. बाया बायांकडे बघू लागल्या. तुकडा तसाच ओट्यावर.

पाच वाजले होते. नळापाशी कोंडू येऊन उभा होता.

"कोंडू!" महिपतीभाऊंनी खिडकीतून हाक मारली. "आत ये."

कोंडू दारात वहाणा काढून आत आला. अकरा वर्षं रोज तो नळापाशी उभा राहत होता, पण आत कधी आला नव्हता. कुणी बोलावलंच नव्हतं. त्याने कढई पाहिली, खिडकी पाहिली, नाकावर कुंकू आलेली बायको पाहिली.

"हे खा," महिपतीभाऊ म्हणाले.

कोंडूने सावित्राबाईकडे पाहिलं. तिने मान हलवली, किंचित. त्याने तुकडा दाढेखाली घातला.

टक्.

मग चावत राहिला. बारा माणसं एका माणसाच्या जबड्याकडे बघत होती. गार्ड तर नकळत त्याच्या तालावर आपलं तोंड हलवत होते. कोंडूने गिळलं. दातांवरून जीभ फिरवली. काही चिकटलं नव्हतं.

"कशी हाय?" बाया किंचाळली. "आरं बोल की, मेल्या भाऊ!"

कोंडूने हात पुढे केला.

"आनिक हाय का?" तो म्हणाला.

*

यंत्र नंतर गार्डांनी उघडलं. सावित्राबाईच्या बांगडीतली एक पिन घेऊन आत खुपसली. कॅसेट फिरवणाऱ्या चाकाच्या बुडाशी एक तांदूळ अडकला होता. कुंकवाने लाल. पंधरा दिवस गुळाची वाफ खाऊन टम्म फुगलेला, अर्धवट शिजलेला.

रतनबाईंनी तो पिनेच्या टोकावरून अलगद उचलला आणि तुळशीत नेऊन टाकला. चूक कुणाची, हा विषय त्यानंतर घरात कुणी काढला नाही.

गाणं पुन्हा लावलं. माणूस पुन्हा पहिल्यासारखा ओरडू लागला. बाया टाळ्या वाजवू लागल्या. "आली! ती आली आसनार!"

"एक मिनिट अठ्ठावन्न," गार्ड घड्याळ मिटत म्हणाले. "सावित्राबाई, तुझे दोन सेकंद कुठं गेले?"

"कुत्र्याची वळ मी गाळली," सावित्राबाई म्हणाली. "मला पटत न्हाई ती."

*

पुढचं, मध्येच:

सत्तरच्या दशकाच्या शेवटच्या पावसाळ्यात बाया आपल्या माहेरी आंदर मावळात लावणीला गेली. चिखलात बायांची रांग उभी राहिली, आणि रोप एकदम टोचलं जाईना. कुणी पुढे, कुणी मागे. बाया ओरडली, "वन, टू, थिरी, फोर!" रांग सरळ झाली. दुसऱ्या वर्षी शेजारच्या खाचरांतूनही तो आकडा ऐकू येऊ लागला. तिथल्या एका शाळेत मास्तरांनी पोरांना इंग्रजी आकडे विचारले तेव्हा पोरं चारपर्यंत एका दमात गेली, मग थांबली. पाचाच्या जागी सगळ्या वर्गाने बाकावर मुठी आपटल्या. मास्तरांनी छडी शोधली. शेवटी त्यांनी पाच शिकवायला आणखी एक यष्टी आणली, असं म्हणतात.

कॅसेट त्याआधीच झिजून गेली होती. कुणाला तिची आठवण झाली नाही.

*

त्या शनिवारनंतरचा सोमवार. दुसरं कार्ड मंचरला पोचलं नव्हतं, कारागीर मात्र लोणावळ्याला पोचला. जाडजूड, डोक्याला रुमाल, स्वतःचं उलथनं फडक्यात बांधून आणलेलं. दारातून आत डोकावला.

"पाक कुनाच्या हातात हाय?"

महिपतीभाऊंनी घसा साफ केला. त्यांनी नुसतं बोट केलं.

कढईपाशी सावित्राबाई उभी होती. फेस बसत आला होता.

"बाई?" मंचरवाला हसला. "आवो भाऊ, बाईच्या हातात पाक म्हंजे… सरा बाई, जरा बगू द्या. जाळ जास्ती झालाय."

सावित्राबाईने त्याच्याकडे पाहिलंही नाही. एक हात वर केला, थांब म्हणून, आणि ओरडली, "वन! टू! थिरी! फोर!"

मंचरवाल्याच्या हातातलं उलथनं खाली पडलं. सात बायांनी गाणं उचललं. पत्र्यावर दगड पडू लागले. त्याने भिंतीला पाठ टेकवली आणि शेजारच्या स्टुलावर बसलेल्या हौशीरामच्या कानाशी वाकला.

"आबा, काय झालंय काय ह्यास्नी? कुनी गेलं का?"

हौशीरामची नजर कढईवरून हलली नाही. त्याचा रिकामा अंगठा रिकाम्या तळहातावर फिरत होता, गाण्याच्या तालावर.

"गप ऱ्हा," तो म्हणाला. "तिसरी यष्टी चाललीया."

मंचरवाल्याच्या पुढ्यात शेंगांनी भरलेलं सूप होतं. हातांना काहीतरी हवं म्हणून त्याने चार शेंगा उचलल्या आणि सोलू लागला.

"टाका!" सावित्राबाई म्हणाली, आणि त्यानेही हातातले दाणे टाकले.

*

जुलैत, वरच्या खोलीत राहायला आला त्या दिवशी, महिपतीभाऊंनी पुढे केलेला चिक्कीचा तुकडा कॉलिनने घेतला नव्हता: शेंगदाणे खाल्ले की त्याचा घसा सुजत असे.